अंतर दोन मीटर दहा

केर्त्तु रौहाला दिवे लावत नसे.
म्हणजे एकच लावायची,
तोही घराबाहेर, शिडीवर, बर्फाकडे तोंड करून.
बर्फावर आपटून खिडकीतून जो उजेड आत येईल
तेवढा आपला,
बाकीचा रेनडियरांना.

निर्माता हेल्सिंकीहून फोनवर ओरडायचा,
काय उजेड पाडतेय ही बाई, चेहरेच दिसत नाहीत!
ती रिसीव्हर माझ्या हातात द्यायची
आणि कॉफी ओतायला जायची.
दिसत होते चेहरे. खालून दिसत होते,
हनुवटी आधी, मग ओठ, डोळे सगळ्यांत शेवटी,
केमीच्या कागद गिरणीतून रात्रपाळी करून आलेला बाप
दारात वाकून बुटांवरचा बर्फ झटकायचा
तेव्हा तिला दिसायचा तसे.

मी टेप धरायचो.
एक टोक भिंगाशी, दुसरं नटीच्या गालापाशी,
न टेकवता.
एकतीस वर्षं एवढंच:
कोण कुणापासून किती लांब, सेंटिमीटरमध्ये.

तिची पहिली फिल्म रबरी बुटांची जाहिरात होती.
चिखलातून जाणारे अठरा बूट, माणूस एकही नाही.
मग नदीतून वाहत येणारे ओंडके. मग गोष्टी.
रंग आला तेव्हा तिने वर्षभर काम घेतलं नाही,
नंतर एका सिनेमात फक्त किटली लाल ठेवली.
गोष्ट कुणाला आठवत नाही. किटली आठवते.

इनारीला उणे चौतीस.
डोळ्यांत तेल घालून बघावं म्हणतात,
आमच्या कॅमेऱ्यातलं तेलच गोठलं होतं
आणि फिल्म बिस्किटासारखी मोडत होती.
रात्री कॅमेरा बाहेर, लाकडांच्या खोपटात झोपायचा,
आत आणला की भिंगाला घाम फुटतो.
दोनदा उठून ती त्याला बघून आली.
परतताना टॉर्च माझ्यावर,
झोपेचं सोंग घेतलेल्या माझ्यावर,
धरून म्हणाली,
हलू नकोस. ही सावली उद्या लागेल.

कामोस म्हणतो आम्ही त्या दिवसांना.
सूर्य वर येत नाही, काळोखही पुरता होत नाही,
दुपारी दीड तास आभाळ
विसळलेल्या दौतीतल्या पाण्यासारखं.
त्या दीड तासात ती बोलायची नाही.
दोन बोटं वर म्हणजे थांबा.
मूठ म्हणजे गेलं.

आता कायानीत, तिसऱ्या मजल्यावर,
तिच्या नजरेचा मधला भाग गेलाय, कडा उरल्यात.
मला बघायचं तर ती रेडिएटरकडे बघते.
नर्सने खोलीतले चारही दिवे लावून ठेवले होते.
मी तीन बंद केले.

कोण?
फोकस, मी म्हणालो.
तिने मला दुसऱ्या नावाने कधी हाक मारलीच नव्हती.

किती?
दोन मीटर दहा.

चूक, ती रेडिएटरला म्हणाली,
एक नव्वद. पुढे सरकलायस तू.

टेप खिशात होती. मी काढली नाही.