लपवलेल्या वस्तू दाखवा

उद्या पहाटे क्लाक्स्विकच्या धक्क्याला लागलो
की मेसमधला संगणक काढायचा.
अकरा वर्षं खारी हवा खाल्लीय त्यानं,
पंखा घरघरतो जाळं ओढणाऱ्या यंत्रासारखा.
मी दुय्यम इंजिनियर. म्हणजे
बोटीवर जे जे बिघडतं ते माझं.
कप्तान मार्युसनं बजावलं,
"ज्याचं जिथवर आलंय
तिथूनच पुढे सुरू झालं पाहिजे."
मग कानाशी येऊन, "माझा तो मासेमारीचा खेळ तेवढा जप."
(दिवसभर बॅरेंट्सचा समुद्र उपसून
हा माणूस रात्री गळ टाकून बसतो.)

वाटलं होतं, खेळाच्या नावाचा फोल्डर असेल,
उघडायचा, उचलायचा.
कसलं काय.
एकाचं सगळं डॉक्युमेंट्समध्ये, डिझेलच्या बिलांना खेटून.
फुटबॉलवाला जिथे बसवला तिथेच,
आपल्याच पोटात आपले गोल घेऊन.
आणि सेव्ह्ड गेम्स असं ठळक नाव लावलेल्या घरात
कुणीच राहत नव्हतं.

मग त्या चौकोनात खूण केली:
लपवलेल्या वस्तू दाखवा.
ओहोटीला खडक वर यावेत
तसे फिकट फोल्डर वर आले.
रोमिंग. लोकल. लोकललो.
तिघे भाऊ, आणि कुणाकडे कोण उतरलंय
याला काही धरबंध नाही.
दारावर खेळाचं नाव नाहीच,
बनवणाऱ्या कंपनीचं; तीही बहुतेक बुडालेली.
शेवटी मी तारखा बघत गेलो,
कुठली फाईल अजून ऊबदार आहे ते.

घोड्यांच्या खेळात चार खण.
तिसरा तोरफिनचा.
तोरफिन दोन वर्षांपूर्वी उतरला,
सूपातल्या मिठावरून आचाऱ्याशी वाजलं म्हणून.
हल्ली ह्वाल्बाला असतो, पिंजऱ्यातल्या सामनला खाणं घालतो.
हा खण सोडून द्यायला हरकत नव्हती.
सेहेचाळीस केबी. एका फोटोच्या नखाएवढं.
पण तारीख गेल्या मंगळवारची.
पहाटे चार वाजून दहा.

त्या वेळी बोटीवर पहाऱ्याचे दोघे जागे,
ते वर, काचेपाशी.
आणि खाली एक जण,
पाव मळणारा.

विचारलं तर सिमुननं हात झटकले, पीठ उडालं.
"पावसात उभे होते," म्हणाला.
"सात घोडे. तबेल्याचं दार सताड उघडं टाकून
गेला तो गाढव.
मी फक्त दार लावायला गेलो होतो."

"आठ आहेत आता."

बराच वेळ तो परातीकडे बघत राहिला.
"शिंगरू झालं. फेब्रुवारीत."
"नाव दिसत नाही त्याचं."
"नाव मी कसं ठेवू? घोडी त्याची."

सगळं उतरवून घेतलं पेनड्राइव्हवर,
कप्तानाचे मासे, गोल, चारही खण.
मग दुसरा एक पेनड्राइव्ह काढला, माझा स्वतःचा,
त्यावर फक्त तिसरा.
आता शिंगरू दोन ठिकाणी असेल.
एका तबेल्यात बिननावाचं, रोज पहाटे चारला चारा खाणारं,
दुसऱ्यात तोरफिन ठेवेल ते.

पाकिटावर ह्वाल्बा लिहिलं आणि थांबलो.
त्याला सापडणार नाही कुठे ठेवायचं.
म्हणून मागच्या बाजूला लिहीत गेलो:
सी ड्राइव्ह, मग युझर्स, मग तुझं नाव,
मग ते फिकट दार (आधी खूण कर, नाहीतर दिसत नाही),
मग तिघांतला मधला भाऊ,
मग त्या बुडालेल्या कंपनीचं घर,
मग
जागा संपली.

सिमुन खांद्यावरून वाचत होता.
"मिठाचं काही लिहू नकोस," म्हणाला,
आणि दुसरं, मोठं पाकीट शोधायला गेला.