शुद्धिपत्र

त्रैमासिक 'मंत्रमापन', यावल.
वर्ष एकोणिसावे, अंक तिसरा.

पान एक्केचाळीस, ओळ सात:
'वारा बाधावा' नव्हे, 'वारा बांधावा'.
टिंब माझ्याच चिमट्यातून निसटलं.

त्यापायी भालोदला एका रात्रीत
चार हजार केळी आडव्या झाल्या.
लेखिका कोकिळाबाई नेहेते यांचा दोष नाही,
त्यांचं हस्तलिखित स्वच्छ होतं.

परीक्षक खेमचंद फालक
वारले त्याला तीन वर्षं झाली,
अभिप्राय मात्र दर पौर्णिमेला येतो,
कागदाला तापीच्या गाळाचा वास.
या खेपेला एकच ओळ:
'भाऊ, चस्मा बदल.'

बदलला.

टिंब अजून सापडलेलं नाही.
कुणाच्या अंगणात रात्री
वारा एकाच जागी गरगरताना दिसला
तर झाडू नका,
वाटीखाली झाकून ठेवा.
मी सायकलवर येतो.