डावा कोपरा

दिवाळीचे कंदील उतरले आणि शाळेमागची जागा
चुन्याने आखून घेतली.
एरवी तिथे बोंबील वाळतात.
वासाचं काही करता आलं नाही.
बुरोंडीची पहिली पोरगी नाक मुरडतच चढाईला आली,
तिच्या त्या अर्ध्या श्वासावर
मी घोटा धरला.

ओली सुरमई शेपटीशी धरून
काट्यावर टाकायची सवय आहे हाताला.
घोटा त्यापेक्षा सोपा.
त्याला अडायला हाड असतं.

डावा कोपरा, म्हणजे मी.
वय चौतीस. अर्जावर तीस.
कुंदा चौगुलेने दोन बाळंतपणांची
दोन-दोन वर्षं वजा करून लिहिलं,
"ती वर्षं तू खेळत नव्हतीस गो, मोजायची कशाला?"
कर्णधार तीच. दिवसा बर्फाच्या कारखान्यात लाद्या फोडते,
आणि पकडीचा इशारा देताना
तिथल्यासारखंच "हं" म्हणते,
फक्त एकदा.

आठ गावं, सात रविवार, मध्ये मध्ये लग्नं.
आंजर्ल्याला वीज गेली,
उरलेली सहा मिनिटं टेम्पोच्या दिव्यांत खेळलो,
सावल्या पार माडांवर चढलेल्या,
पंचांना कळेना स्पर्श अंगाचा की सावलीचा.
तरी तीन गुणांनी आम्हीच.
कोळथऱ्याला हरलो.
त्याबद्दल बोलायचं नाही असं ठरलंय.
दापोलीत मॅट होती, निळी, इस्त्री केल्यासारखी.
जाई धाडवे बूट विसरली.
माझे घातले, दोन नंबर मोठे, पुढे कापूस कोंबून,
मी राखिवांत अनवाणी बसले
आणि माझे बूट तिघींना बाद करून परत आले.
हसीना मुकादमचा सासरा एकही सामना चुकवत नाही.
चहाचा थर्मास मांडीवर,
मैदानाकडे पाठ.
"भीती वाटते," म्हणतो, "झालं की सांगा."

मग पालशेत.
त्या रविवारी होड्या उशिरा लागल्या,
बांगडा इतका की वाळू दिसेना.
लिलाव टाकून निघायचं कसं?
दाभोळला पोचलो तेव्हा फेरीबोट
धक्क्यापासून दोन वाव सुटलेली.
कुंदाने हाका मारल्या.
कठड्याशी उभ्या एका माणसाने हात हलवला,
निरोप द्यावा तसा.
पुढची बोट पाऊण तासाने.
पलीकडे पालशेतच्या सात जणी
रिकाम्या अर्ध्या मैदानासमोर पंधरा मिनिटं उभ्या राहिल्या,
मग पंचांनी शिट्टी वाजवली.
पुढे चाल.

आम्ही तरी गेलोच.
एक मुलगा ऊस खात
कडेची दोरी गुंडाळत होता.
हसीनाच्या सासऱ्याने चहा ओतला,
या वेळी त्याने मैदानाकडे तोंड केलं होतं.

तिसऱ्या आलो, एका गुणाने.
अंतिम सामना दोघांचाच असतो.
शिमग्यात शाळेमागे पालखी नाचली,
मध्यरेषा, बोनसरेषा, माझा कोपरा,
सगळा चुना लोकांच्या तळपायांना लागून घरोघरी गेला.
मग परत बोंबील.

चैत्रात एका संध्याकाळी एक बाई आली,
पिशवी नवऱ्याच्या हातात.
"पालशेतहून आलोय, चांगला बघून द्या."
मी तिच्या तोंडाआधी पाय पाहिले.
उजवा पुढे, भार डाव्यावर, टाच जरा उचललेली.
"चढाई करता?"
ती हसली. पाटी बघितली, माझे हात बघितले.
"तुम्ही आलाच नाहीत."
"बोट गेली."
काटा वर-खाली झाला, दीड किलोवर थांबला.
दर कमी करा म्हणाली.
तिचा घोटा ओल्या वाळूत,
माझ्यापासून हातभर.
एक रुपया सोडला नाही.