काचेमागचा माणूस

एलिझबार स्वतःसाठी नेहमी काचेमागचीच कामं लिहायचा.
तिकीटखिडकीतला कारकून,
बंद ट्राममधला उतारू,
एकदा तर मासळीच्या दुकानात टाकीपलीकडे
रबरी एप्रन बांधून उभा.
मी म्हटलं, अरे, मुक्या कामाचे सात रुबल मिळतात.
संवादांवर माझं पोट, मी ध्वनिमुद्रक,
मला ते बघवेना.
तो म्हणाला, लेखनाचे मिळतात की. हे वरचे सुटे,
सिगारेटला होतात.

तिबिलिसीत तेव्हा प्रत्येक पटकथा
दुसऱ्या मजल्यावर जाऊन यायची,
आणि येताना वाळून यायची.
एका पटकथेतून एका आईचा एवढासाच प्रश्न गेला:
तू कुठं होतास?
एलिझबारनं ब्र काढला नाही.
पान दुमडलं, खिशात घातलं,
आणि खाली येऊन मला विचारलं,
मासे विकणाऱ्याला मिशी असावी का रे?

चित्रीकरणात माझ्या कानांवर
फक्त पाण्याचे बुडबुडे.
काचेआड त्याचे ओठ हलत होते.
दिग्दर्शक म्हणाले, गिऱ्हाइकाशी बोलत असेल, चालू द्या.
मी बुडबुडे मात्र फार सुरेख टिपले.
त्याबद्दल मला प्रशस्तिपत्रही आहे.

कुतैसीत मूकबधिर शाळेची मुलं सिनेमाला आली होती.
तिकीटखिडकीच्या प्रसंगात
सगळं थिएटर गप्प
आणि तिसरी रांग एकटीच हसत सुटली.
मग मासळीचं दुकान आलं,
आणि तीच रांग थिजली.
दिवे लागल्यावर त्यांची शिवणबाई, नुत्सा,
माझ्याकडे आली. तिकिटाच्या पाठीवर लिहिलं:
मासेवाला विचारतो, तू कुठं होतास.
कुणाला विचारतो?

मी काय सांगणार?
मी तिथं होतो, तीन हातांवर,
हेडफोन घालून.

एलिझबारला हे सांगितलं तेव्हा तो आधी घाबरला.
खिडकी लावून घेतली.
मग हळूच म्हणाला, हसली? कुठल्या वाक्याला?

अकरा सिनेमे झाले त्याचे.
नुत्साबरोबर बसून मी ते आवाज बंद करून पाहिले,
ती लिहीत गेली, दोन वह्या भरल्या.
शेवटच्यात मात्र तो स्टेशनमास्तर आहे,
काचेमागेच,
पण पाठमोरा.
गाडी जाते. मान हलते, खांदा हलतो,
बोलतोय एवढं नक्की, बराच वेळ बोलतोय.
नुत्सानं पाच वेळा बघितलं
आणि पेन्सिल खाली ठेवली.

माझ्या फितीवर तिथं गाडी आहे.