टोकाचं झाड

मी ठिबकवाला. यावल, फैजपूर, सावदा, चिनावल,
कुणाच्याही केळीत पाणी अडलं की फोन मलाच.
मी आधी विहिरीकडे जात नाही.
नळीच्या टोकाशी जातो,
शेवटच्या झाडाशी उकिडवा बसतो.
बोंब तिथूनच सुरू होते.

हे मला एकोणीस वर्षं ठाऊक होतं.
आणि तरीही

सव्वा वर्ष मी भिंतीकडे तोंड करून निजलो.
कुमुदनं आधी काही विचारलं नाही.
मग केसांना मेंदी लावली, नवी चादर आणली.
मग चादरीचंही नाव काढलं नाही.
मी उशिरा यायला लागलो. म्हणायचो, रात्रीची लाईट आहे.
आमच्याकडे हे खोटं कुठल्याही घरात खपतं.

भुसावळला पुलाखालच्या तंबूत
बरण्यांत मुळ्या होत्या, एकीत तेलात बुडालेला सरडा.
त्यानं माझं मनगटही धरलं नाही,
तोंड बघून अठराशे सांगितले.
बाटली मी डिकीत ठेवली, पान्यांच्या खाली.
थंडीत तेल गोठलं, चैत्रात पातळ झालं.
फरक पडला तो एवढाच.

जळगावला गेलो ते पायाच्या जखमेसाठी.
दोन महिने भरत नव्हती.
कंपाउंडर ओरडला, "झोपे कोण? झोपे!"
बाकावरचे दोघं हसले. एरवी मीही हसलो असतो.
डॉक्टरीणबाई माझ्या पोरीएवढी.
भाकरी किती खाता, तंबाखू किती,
रात्री लघवीला कितीदा उठता,
आणि त्याच आवाजात: "संबंधाच्या वेळी ताठरता येते?"
मी पंख्याकडे पाहिलं. पंखा बंद होता.
"सव्वा वर्ष," मी पंख्याला सांगितलं.
तिनं लिहून घेतलं, जखमेच्या खालच्याच ओळीत.

साखर दोनशे शहाऐंशी. बीपी एकशेसाठ.
छातीला वायरी लावून झाल्यावर
तिनं चिठ्ठीच्या पाठीवर दोन नळ्या काढल्या,
एक जाड, एक बारीक.
"जाड ती हृदयाची. बारीक ती तिथली.
गाळ दोन्हीकडे साचतो, पण आधी..."
मी म्हटलं, मॅडम, पुढचं मी सांगतो.

येताना नशिराबादजवळ गाडी बाजूला घेतली.
उल्हास भारंबे आठवला.

भालोदच्या शिवारात, भरिताची पार्टी,
पऱ्हाटीचा जाळ, वांगी फुटत होती,
आणि उल्हास म्हणाला,
"आपली मोटर आता पाणी नही उचलत, भो."
इतके हसलो की कळण्याच्या भाकरी राखेत पडल्या.
"फुटवाल बघ," म्हणालो मी. मीच.
दोन वर्षांनी वखारीवर ट्रक भरताना
घड हातात घेऊनच तो खाली बसला.
सत्तेचाळीस वय.

तो विनोद नव्हता.
ती टोकावरची बोंब होती,
आणि ती ओळखू शकेल असा माणूस
त्याच्या शेजारी बसून
वांगं सोलत होता.

कुमुदला सांगितलं तेव्हा लाईट खरंच गेलेली होती.
ती बराच वेळ गप्प. मग म्हणाली,
"मला वाटलं, माझंच काही."
सव्वा वर्ष ती याच गोष्टीपाशी एकटी बसली होती,
माझ्या पाठीच्या मागे, हातभर अंतरावर.
सकाळी तिनं डिकीतली बाटली काढली,
मोरीच्या दाराची बिजागरी करकरत होती,
तिला ते तेल लावलं.

गोळ्या चालू आहेत. तंबाखू सुटली, दोनदा.
पाटावरून पहाटे चालतो, जखम भरली.
बाकीचं अजून कधी आहे, कधी नाही.
मेडिकलवाला हळूच एक गोळी देत होता.
बाई म्हणाल्या, हृदय तपासल्याशिवाय नाही.

यंदाच्या पौषात पुन्हा जाळ, पुन्हा वांगी.
नीळकंठ फिरके म्हणाला, आपलं दुकान बंद झालं, भो,
शटरच उघडत नही.
मी म्हटलं, "नीळू, साखर कधी तपासली होती?"
सगळे पोट धरधरून हसले.
नीळू हसला नाही.