कंट्रोल रूम, हिंगोली

रात्री दोनला नुजहतच्या मोबाइलवर
कराचीचा एसपी बोलतोय प्रेमाचं.
वर्दीला एक सुरकुती नाही,
उर्दू अशी, की चार्जशीटसुद्धा गोड वाटावी.
नुजहत म्हणते, "बघ माय, असं बोलतेत."

माझ्या पाठीवर
तीन दिवसांच्या बंदोबस्ताचं मीठ वाळलेलं.
मी नुसती हसते.

तेवढ्यात सेट खरखरतो:
"औंढा नाका. सर्व ठीक. ओव्हर."
नोंद घेते. वेळ, सही.
पुन्हा खरखर.
"सर्व ठीक. ओव्हर."

एकदा कळवलेलं परत कळवायचं
असं कुठल्याच परिपत्रकात नाही.
नुजहत बोट ठेवून
एसपीला अर्ध्या वाक्यात थांबवते.

दुसरी नोंद मी रजिस्टरात घेत नाही.
बटण दाबून म्हणते,
"कंट्रोल ऐकतंय."
ओव्हर म्हणत नाही.