फॉल-पिको

महानंदा, तुझ्या पहिल्या साडीला फॉल मीच लावला,
उदगीरला, चौबाऱ्यामागच्या बोळात,
लाईट गेली म्हणून मशीन दारात ओढून.
तू उंबऱ्यावर बसून घाई करत होतीस,
"संध्याकाळी शो हाय ताई, हाण की लवकर."

शो म्हणजे हलकुडे शेठचा साड्यांचा सेल.
मंगल कार्यालयातली जेवणाची टेबलं जोडलेली,
वर लाल मॅट.
तिसरं टेबल डुगडुगायचं.
तिथं आलीस की तू पाय जरा उचलून टाकायचीस
आणि लोकांना वाटायचं, हीच ती ष्टाईल.

ब्लाउज तुझ्या मापाचा नव्हता.
मागं मी चार चिमटे लावलेले,
कपडे वाळत घालायचे, निळे.
समोरून तू अंगावर शिवल्यासारखी.
वळू नको, मी बजावलं होतं.
तू टोकाला गेलीस आणि वळलीस.
अख्ख्या उदगीरनं चिमटे पाहिले,
तरी टाळ्या वाजवल्या.

पुढं लातूर. पुढं पुणे. पुढं मुंबई.
महानंदा बिरादारची नुसती माही झाली.
टाइल्सच्या कॅलेंडरवर आलीस, ओल्या केसांची.
तुझ्या अप्पांनी ते भिंतीला लावलं नाही,
फेकलंही नाही.
गादीखाली सपाट ठेवलं.
वर्ष तिथंच संपलं.

मग सहा वर्षांनी दुकानात आलीस,
गॉगल केसांत, सँडल हातात.
"पिक्चर मिळालाय ताई. शिलाईवाली बाई करायचीय.
पण डायरेक्टर वरडलालाय,
दोन्ही बाजूंना लोकं बसल्यावानी चालतीस म्हणतो.
हे चालणं मोडायचंय. कसं मोडू?"

मला काय कळतंय त्यातलं.
मी म्हटलं, उसवायचं असंल
तर उलट्या बाजूनं धर.

चार दिवस बसलीस माझ्या स्टुलावर.
बायका आल्या, गेल्या, भाव करून गेल्या.
कुणी ओळखलं नाही तुला.
जाधवांच्या सुनेनं तर तुलाच फॉल दाखवला,
मॅचिंग हाय का?
"हाय," म्हणालीस.
नव्हतं.
ती साडी मला रात्री परत उसवावी लागली,
ते पैसे अजून तुझ्याकडं आहेत.

लातूरला एकच आठवडा लागला तुझा पिक्चर.
मी आणि शेजारची इरम्मा गेलो,
थेटरात मोजून बारा माणसं.
तू कुठं चाललीच नाहीस त्यात.
बसून होतीस.
मान जरा तिरकी केलीस,
धागा डाव्या दाढेत धरलास
आणि तोडलास.

इरम्मानं मला कोपर मारलं.

माझा उजवीकडचा दात पडलाय गं,
नवऱ्याच्या हातानं, विषय संपला.
म्हणून मी डावीकडनं तोडते.
तुझे तर बत्तीसच्या बत्तीस शाबूत.
तू कधी विचारलं नव्हतंस,
मी कधी सांगितलं नव्हतं.
बारा माणसांपुढं मी तोंडावर पदर घेतला.

आता तू रोज साडेसातला येतेस,
सासू होऊन.
ढॅण् ढॅण् वाजतं, तुझं तोंड तीनदा दाखवतात.
साड्या भारी, पण कॅमेरा कमरेखाली जात नाही.
फोनवर विचारलं, फॉल कोण लावतं तुझ्या साड्यांना?
हसलीस. "कुणीच नाही. खाली स्लिपर असती ताई."

आणि सुनेवर राग आला
की पदराचा दोरा डाव्या दाढेत.
लोकांना लई आवडतं म्हणे.
त्याचे फोटो फिरतात.

परवा कॉलेजची एक पोरगी आली, नऊवारीचं काम घेऊन.
उभी राहून बघत होती.
मी शेवटचा टाका मारला, मान वळवली, धागा तोडला.
"अय्या मावशी," ती म्हणाली,
"सेम माहीसारखं तोडता की तुम्ही!"

हो, मी म्हटलं,
बघून बघून लागली सवय.